फ्लॉपीत मावलेलं गाव

आमचं वाघजळ पहिल्यांदा पाण्यात गेलं ते नोटीस देऊन, दवंडी पिटून, अगदी रीतसर. दुसऱ्यांदा जायची पाळी आली तेव्हा ते सांगलीत, विश्रामबागेतल्या एका इमारतीच्या पहिल्या मजल्यावर, टेबलावर पडलेलं होतं आणि आसपास पाण्याचा थेंब नव्हता. चहाचा एक कप होता तेवढा. त्या कपाचं पुढं येईल.

वाघजळ म्हणजे कोयनेच्या काठचं गाव. वाघ पाण्याला यायचा म्हणून ते नाव. नुसता यायचा नाही, बायांचे हंडे भरून होईपर्यंत बाजूला थांबायचा आणि शेवटच्या बाईला वाट करून द्यायचा. हे आता कुणी खरं मानत नाही, कारण दाखवायला गावच राहिलं नाही. धरण झालं, पाणी चढलं, आम्ही पांगलो. माझा थोरला भाऊ आणि बाळाबाई वहिनी प्रकल्पाच्या कामावर कोयनानगरात राहिले. मी एसटीत ड्रायव्हर झालो. वहिनीची थोरली बहीण राहीबाई, तीही आमच्याच गावात दिलेली, ती पार मिरजेच्या पुढं कर्नाटकाच्या अंगाला पुनर्वसनाच्या वसाहतीत गेली. भाऊ वारला. मी रिटायर होऊन वहिनीच्या शेजारीच खोली घेतली, कारण माझ्या गोष्टी ऐकून घेणारं दुसरं माणूस कोयना खोऱ्यात उरलं नव्हतं.

सत्त्याण्णव सालची गोष्ट. वहिनीची नात दीक्षा विश्रामबागेत राहून कॉलेज करून आली, तिथल्याच निमिषच्या क्लासात कॉम्प्युटर शिकून आली. तिच्या बापानं, कपिलनं, त्याच निमिषकडून जुने भाग जोडून केलेला एक कॉम्प्युटर तिला घेऊन दिला. त्यात एक गेम होती. मोकळी जमीन मिळते, त्यावर नदी काढायची, रस्ते काढायचे, घरं बांधायची, शहर वसवायचं.

दीक्षा नदी काढत होती. वहिनी मागं भाजी निवडत बसली होती.

"ही नदी अशी सरळ का काढलीस गं?"

"मग कशी काढू?"

"नदी कवा सरळ जाती व्हय? हितनं वळीव. आता डावीकडं. हां, आता आमच्या म्हसोबाच्या माळाखालनं ने."

तिथून सुरू झालं. भाजी राहिली बाजूला. रोज जेवणं उरकली की दुपारच्याला वहिनी खुर्ची ओढून बसायची आणि दीक्षाच्या हातून वाघजळ उभं करायची. हा उतार, ही आंबराई, ही पाणंद. गेममध्ये कौलारू घर नव्हतं, म्हणून सगळ्यात लहान घर असेल ते घ्यायचं. एकच अडचण होती: विजेशिवाय त्या गेममध्ये माणूस राहायलाच येत नाही. घरं नुसती भुतासारखी उभी. आमच्या गावात तर विजेचा खांब कधी आला नाही, गाव बुडालं तेच मुळी वीज करायला. वहिनीनं बराच विचार केला आणि डोंगरापल्याड एक वीजघर बांधायला लावलं. धरण न बांधता. तारा ओढल्या, आणि घराघरात माणसं आली.

"बग," वहिनी म्हणाली, "इतकंच तर हुतं."

गेममध्ये संकटंही होती. पूर, आग, भूकंप, आपोआप यायची. ती दीक्षानं पहिल्याच दिवशी बंद करून टाकली. कोयनानगरात राहणाऱ्या माणसाला भूकंप गेममधून मागवायची गरज नाही.

उन्हाळ्यात राहीबाई पाव्हणी आली आणि खरं गाव तेव्हा पुरं झालं. वरची आळी वहिनीला आठवत नव्हती, ती राहीबाईनं घरागणिक सांगितली. मग दोघी बहिणींचं आमच्या वस्तीवरनं जुंपलं. आमची वस्ती गावाच्या बाहेर, खालच्या अंगाला, पाणवठाही वेगळा. वहिनी म्हणाली, "आता आपल्याच हातात हाय, तर वर घ्यू. गावच्या मधी."

राहीबाई म्हणाली, "न्हाई. हुती तितंच ठिव. न्हाईतर उद्या पोरं म्हणतील, आज्या लय सुखात हुत्या."

वस्ती खालीच राहिली.

निघताना राहीबाई दीक्षाला म्हणाली, "मला बी दे की माजं गाव."

"मोठे आजी, तुझ्याकडं कॉम्प्युटर कुठाय?"

"नसू दे. बी ठिवायला रान लागत न्हाई, गाडगं लागतं. आपल्यात बी एका घरात कवा ठिवत्यात का?"

आमच्यात ही रीत जुनी. पेरणीचं बियाणं निवडलं की त्यातलं थोडं बहिणीच्या, नाहीतर व्याह्याच्या घरी ठेवायचं. इकडं घूस लागली, पूर आला, तर तिकडनं मूठभर परत मिळतं. दीक्षानं हसत हसत गाव एका फ्लॉपीत भरून दिलं. राहीबाईनं ते काळं चौकोनी पान रुमालात गुंडाळलं आणि कमरेला खोचून नेलं.

दसऱ्याच्या आधी राहीबाई वारली.

त्यानंतर वहिनी गावात काही बदलेना. नुसती बघत बसायची. वरच्या आळीवर बोट फिरवायची. तिच्या माघारी मी दीक्षाकडून थोडी भर घालून घेतली. वडाच्या झाडापाशी एक एसटी स्टँड बांधून घेतला. वाघजळला एसटी येत नव्हती हे खरं. पण गाव बुडालं नसतं तर आली असती, आणि ती मीच आणली असती. वहिनीनं स्टँड बघितला आणि विचारलं, "ह्ये काय?" मी म्हटलं, "तुमी तवा म्हायेरी हुता."

आणि पौषात कॉम्प्युटर बिघडला.

आधी नुसता अडकायचा. मग आतून टक, टक असा आवाज यायला लागला. फ्लॉपी घालायची खाच तर आधीच बंद पडलेली. दीक्षानं पोस्टातून निमिषला फोन लावला आणि उतरल्या चेहऱ्यानं घरी आली.

"डिस्क चाललीय म्हणतो. नवी बसवायची, सगळं नव्यानं टाकायचं. गेम बी परत टाकून देतो म्हणाला, त्याच्याकडं सीडी हाय."

"गेम परत यील," वहिनी म्हणाली. "आन गाव?"

"गाव सीडीत नसतं आजी. ते आपल्या डिस्कवर हाय. ते आधी काढून ठेवायचं आन नवी गेम बसली की तिच्यात ठेवायचं. सारखं चालू करू नका, आदळू नका, म्हणाला, लगेच घेऊन या."

वहिनीनं जरा विचार केला. "म्हंजी सरकार घर बांधून देणार, माणसं आपुन न्यायची."

"व्हय, तसंच."

"चल तर."

मी बरोबर निघालो. विचारलं कुणी नाही. पण घाटाच्या रस्त्यानं एसटीत नाजूक सामान न्यायचं म्हणजे जाणता माणूस लागतो. या रस्त्यावर मी अशी गाडी चालवलीय की टपावरच्या कोंबडीनं अंडं घातलं ते कराडला शाबूत उतरवलंय. कॉम्प्युटरचा डबा वाकळेत गुंडाळून वहिनीनं मांडीवर घेतला, पोर घ्यावं तसा. खड्डा आला की ती डबा उचलून धरायची आणि स्वतः आदळायची. पाटणपर्यंत मी ड्रायव्हरला तीनदा सांगितलं, "गड्या, दमानं." पाटणनंतर तो म्हणाला, "म्हातारबा, तुमीच चालवा." मी उठलोही होतो. वहिनीनं धोतर धरून खाली बसवलं.

विश्रामबागेत निमिषच्या क्लासात पोचलो तेव्हा ऊन चढलं होतं. निमिष म्हणजे तिशीतला, चष्मेवाला, मऊ बोलणारा. त्यानं डबा उघडला, डिस्क काढून स्वतःच्या कॉम्प्युटरला जोडली, कान लावून ऐकली. डॉक्टर छातीला कान लावतो तसं.

"आजी, स्पष्ट सांगतो," तो म्हणाला. "ही फिरतेय तोवर फिरतेय. एकदा थांबली की परत फिरेल याची खात्री नाही. म्हणून आधी तुमचं गाव बाहेर काढू, बाकीचं नंतर. आता कुणी या वायरला हात लावायचा नाही, टेबलाला धक्का द्यायचा नाही."

"श्वास घ्यायचा का?" मी विचारलं.

"तात्या, गप बसा," दीक्षा म्हणाली.

निमिषनं फ्लॉपी घातली. दीक्षानं गाव कुठल्या नावानं ठेवलंय ते दाखवलं. हिरवा दिवा लागला, खर्रर्र असा आवाज सुरू झाला आणि पडद्यावर एक पट्टी उमटली. ती निळी होत होत उजवीकडं सरकायला लागली. सरकते कसली, राहीबाईचा वसाहतीतला प्लॉट मंजूर व्हायला लागला तेवढा वेळ तिला लागत होता. मध्येच डिस्क टक करायची, पट्टी थांबायची. आम्ही चौघं थांबायचो. मग डिस्क सुस्कारा टाकायची, पट्टी सरकायची.

"कुटवर आलं?" वहिनी कुजबुजली.

"अर्ध्यात."

"अर्ध्यात म्हंजी? वरची आळी आली का खालची?"

"तसं नसतं आजी," निमिष म्हणाला. "सगळं आलं तरच गाव, नाहीतर काहीच नाही."

वहिनीनं पदर तोंडात धरला.

आता तो चहाचा कप. निमिषनं आमच्यासाठी चहा मागवला होता. माझा कप टेबलाच्या कडेला. मी पट्टीकडं बघत नव्हतो. कोयनानगरात इतकी वर्षं काढलेला माणूस बसल्या जागी पाण्याकडं बघतो. हंडा असो, तांब्या असो, कप असो. भूकंप आधी पाण्याला कळतो, मग कुत्र्याला, मग माणसाला.

चहावर बारीक लहर उमटली. मग दुसरी. मग खिडकीच्या काचा थडथडल्या आणि पायाखालची फरशी घुमली.

सदुसष्टच्या भूकंपानंतर आमच्याकडं रांगत्या पोरालाही ठाऊक असतं: हललं की आधी मेन स्विच पाडायचा, नाहीतर घर वाचतं आणि आगीत जातं. मग बाहेर पळायचं. याला विचार लागत नाही, हात आपोआप चालतो. मेन स्विच दाराशेजारीच होता.

"भूकंप!" मी ओरडलो आणि खटका खाली ओढला.

दिवे गेले, पंखा गेला, पडदे काळे झाले. क्लासातली पोरंपोरी किंचाळत जिन्याकडं धावली. वहिनी आणि दीक्षासुद्धा धावल्या, कोयनेच्याच ना त्या. खाली रस्त्यावर आम्ही सगळे डोकं धरून उभे राहिलो.

समोरून उसाचा ट्रॅक्टर चालला होता, मागं दोन ट्रॉल्या, कारखान्याकडं. तो पुढं गेला आणि काचा थडथडायच्या थांबल्या.

पोरं एकमेकांकडं बघून हसायला लागली. दीक्षा हसली नाही. निमिष एकटाच वर राहिला होता. तो खिडकीत आला आणि नुसती मान हलवली.

आम्ही वर गेलो. त्यानं खटका वर केला. डिस्कला वीज मिळाली. टक. टक. टक. फिरलीच नाही. त्यानं दोनतीनदा करून पाहिलं, ती वेगवेगळ्या कुशीवर ठेवून पाहिली, हळूच बोटानं ठोकून पाहिली. मग ती काढून टेबलावर ठेवली.

"फ्लॉपी?" दीक्षानं विचारलं.

"अर्धवट लिहिली गेली. उघडत नाही."

वहिनी खुर्चीवर बसून होती. ती रडली नाही. पाणी चढलं तेव्हाही रडली नव्हती, नुसती उंबऱ्याकडं बघत मागं मागं सरकत गेली होती. आता ती त्या डिस्ककडं तशीच बघत होती.

"वैनी," मी म्हटलं, "हललं हुतं. कप तुमी बी बगितला."

तिनं माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही. आयुष्यात मला लोकांनी खोटारडा म्हटलंय, वेडा म्हटलंय. पण न बघता कुणी सोडलं नव्हतं.

"पुन्हा बांधू आजी," दीक्षा म्हणाली. "मी हाय की."

"खालची आळी बांधशील. वरची कोण सांगंल? मला कुटं म्हायती? राही गेली न्हवं."

निमिष मऊपणानं म्हणाला, "दुसरी कॉपी कुठंच नाही का? एखाद्या मैत्रिणीकडं वगैरे?"

आणि वहिनी एकदम उठली. चपला घातल्या. "राहीकडं बी ठिवलंय," म्हणाली आणि जिना उतरायला लागली.

दीक्षा थांबली, नवी डिस्क बसवून घ्यायला. निमिषनं मला जिन्यात गाठलं. "काका, फ्लॉपी मिळाली तर उन्हात धरू नका, ओली करू नका, आणि लोहचुंबकाजवळ अजिबात नेऊ नका. स्पीकरमध्ये असतो मोठा. पुसलं जाईल सगळं."

मिरजेच्या पुढं वसाहतीत पोचेपर्यंत वहिनी माझ्याकडं पाठ करून बसली. राहीबाईच्या घरी तिची सून आम्रपाली होती, अंगणात हरभरा वाळवत बसलेली. आम्हाला बघून ती गडबडली. कोण गेलं, असंच तिला वाटलं असणार.

"राहीची पेटी कुटाय?" वहिनी उंबऱ्यातूनच म्हणाली.

"मावशी, बसा तरी. पाणी घ्या."

"पेटी."

आम्रपालीनं खाली बघितलं. "पेटी ह्यांनी मोकळी केली. लुगडी वाटून टाकली. कागदपत्रं ठेवली तेवढी. का वो?"

"तिच्यात रुमाल हुता. रुमालात काळं पान."

"रुमाल..." आम्रपाली आठवायला लागली. त्या आठवण्यात मी तीन वर्षांनी म्हातारा झालो. "रुमाल लय निघाले. शेजारणींनी नेले."

वहिनी भिंतीला टेकली. मी तिचा हात धरला. तिनं झिडकारला. झिडकारला म्हणजे निदान मी तिथं आहे हे तिला कळलं, मला तेवढ्यानंही बरं वाटलं.

मग ती आपल्याशीच बोलल्यासारखी म्हणाली, "पेटीत कशाला ठिवंल ती? बी म्हणाली हुती. गाडगं म्हणाली हुती. आम्रपाली, राही घेवड्याचं बी कुटं ठिवायची?"

"चुलीमागं फळीवर. पर त्यातलं औंदा पेरलं की मावशी."

"समदं?"

आम्रपाली उठून आत गेली. फळीवरनं भांडी सरकवल्याचा आवाज आला. काहीतरी खाली पडून फुटलं आणि आम्ही दोघं जागच्या जागी उडालो. मी स्विच कुठंय ते बघितलंसुद्धा. ती बाहेर आली तेव्हा हातात तोंड बांधलेलं गाडगं होतं.

"पेरताना ह्याच्यात एक गुंडाळलेली पिशवी घावली हुती. मला काय कळंना. पर आत्यांनी बियात ठेवलीया म्हंजी कामाची आसंल, म्हणून परत तशीच ठेवली."

वहिनीनं फडकं सोडलं. कडुनिंबाचा वाळका पाला, त्याखाली मूठभर पांढरा घेवडा, त्याखाली दुधाच्या पिशवीत गुंडाळलेला रुमाल. रुमालात फ्लॉपी. वर दीक्षाच्या अक्षरात लिहिलेलं: वाघजळ.

वहिनीनं ती छातीशी धरली. मग घेवड्यातलं निम्मं आम्रपालीच्या ओटीत परत घातलं आणि निम्मं स्वतःच्या पदराला बांधलं. रीत ती रीत.

आता परत जायचं कसं? एसटीला अवकाश होता. वडापची, सीटा भरल्या की सुटणारी, जीप उभी होती, बिराप्पा नावाच्या गड्याची. जीप भरलेली, मागं दोघांपुरती जागा. मी आत डोकावलो आणि तसाच मागं आलो. मागच्या फळीखाली, जिथं बसायचं तिथंच, परातीएवढे दोन स्पीकर, कानडी गाणं दणादण वाजत होतं.

"बिराप्पा, गाणं बंद कर."

"करतो की अज्जा. बसा."

"बंद करून भागत न्हाई. लोहचुंबक आतच हाय. स्पीकर काढ."

"स्पीकर काढू? त्यापरास गाडीचं इंजिन काढतो, थांबा."

"आमचं गाव पुसलं जाईल गड्या."

सगळी जीप माझ्याकडं बघायला लागली. बिराप्पा वहिनीला म्हणाला, "आज्जी, ह्यांना दवाखान्यात न्यायचं हाय का?"

वहिनीनं पहिल्यांदा माझ्याकडं बघितलं. "भावजी," ती म्हणाली, "टपावर चढा."

मी चढलो. साठी उलटलेला माणूस, पण ते चढणं असं की खालच्या बायांनी पदर सावरले. पण टपावर ऊन. फ्लॉपी दुधाच्या पिशवीत घातली, पिशवी रुमालात, रुमाल डोक्यावर, त्यावर टोपी. दोन्ही हातांनी टोपी धरली. मग टपाला कशानं धरायचं? पायांनी धरलं. जीप सुटली ती अशी की मिरजेपर्यंत रस्त्याला तीनच चाकं लागली. वाऱ्यानं टोपी उचलायला सुरुवात केली. मी दातांनी रुमालाची गाठ धरली. एका वळणावर लिंबाची फांदी आली, आडवा झालो. दुसऱ्या वळणावर उसाचा तोच ट्रॅक्टर आला. तोच, मी ओळखतो. माझ्या टोपीखाली अख्खं वाघजळ होतं: वरची आळी, खालची आळी, पाणवठा, आंबराई, माणसं. गाव डोक्यावर घेणं म्हणतात ते लोक नुसतं म्हणतात. मी घेतलंय.

क्लासात पोचलो तेव्हा नवी डिस्क बसली होती, गेमही नव्यानं टाकून झाली होती. दीक्षा दाराशीच उभी होती. मी टोपी काढली. तिनं डोळे मिटले आणि उघडले.

निमिषनं फ्लॉपी आधी घातलीच नाही. उलटी करून कोपऱ्यातली बारकी खिटी नखानं सरकवली. "आता हिच्यावर चुकूनसुद्धा काही लिहिलं जाणार नाही," म्हणाला. "फक्त वाचता येईल." मग घातली. खर्रर्र. खर्रर्र. आणि पडद्यावर इंग्रजीत एक ओळ आली. दीक्षाचा चेहरा बघून मला ती वाचता आली.

"वाचत न्हाई?" दीक्षानं विचारलं.

"थांबा." निमिषनं फ्लॉपी काढली, सरकती पत्री बाजूला करून आत बघितलं, हलकेच फुंकर मारली. निंबाच्या पाल्याचा एक कण उडाला. परत घातली. परत तीच ओळ. त्यानं दुसऱ्या कॉम्प्युटरवर नेली. "या ड्राइव्हचं डोकं जरा शहाणं आहे," म्हणाला. आता क्लासातली पोरंही मागं येऊन उभी होती. मघाशी हसणारी. आता कुणी हसत नव्हतं. वहिनी पदराच्या गाठीतला घेवडा चिमटीत फिरवत होती. मी हात पाठीमागं बांधून, मेन स्विचपासून लांबच्या कोपऱ्यात उभा होतो. मला तिथं उभं केलं होतं.

खर्रर्र. थांबली. खर्रर्र.

पट्टी आली. निळी व्हायला लागली. अर्धी. अर्ध्याच्या पुढं. आणि भरली.

निमिषनं गाव नव्या डिस्कवर गेमच्या घरात ठेवलं, आणखी दोन कोऱ्या फ्लॉप्यांत भरलं, त्या उघडून तपासल्या, आणि मगच दीक्षाला म्हणाला, "उघड."

वाघजळ उघडलं.

नदी वळत होती. वरची आळी होती, घरागणिक. खाली आमची वस्ती, वेगळा पाणवठा. डोंगरापल्याड वीजघर. वहिनी पडद्याला नाक लावून बघत राहिली. मग तिचं बोट वडाच्या झाडाशी थांबलं. तिथं नुसतं गवत होतं.

"तुमचा स्टँड न्हाई भावजी."

"हे उन्हाळ्यातलं गाव हाय आजी," दीक्षा म्हणाली. "मोठी आजी जायला निघाली त्या दिवशीचं."

वहिनीनं बोट वरच्या आळीवर नेलं. "म्हंजी ह्यात राही अजून हाय," ती म्हणाली.

मी ऐकत होतो, पण डोळे सवयीप्रमाणं पाण्याकडं होते. कप नव्हता, म्हणून पडद्यावरच्या नदीकडं. नदी हलली. मग काठ हलला. मग अख्खं गाव डावीउजवीकडं थरथरायला लागलं.

"भूकंप!" मी ओरडलो.

"धरा त्यांना!" चार पोरांनी मला भिंतीशी दाबलं. "तात्या, आता बास करा!" दीक्षा ओरडली. आणि पडद्यावर वरच्या आळीतलं एक घर कोसळलं.

"अगं बग तिकडं! खरंच हाय!"

नवी गेम टाकली की सगळं मूळपदावर येतं. संकटं चालू. ती बंद करायची हे कुणाच्या ध्यानातच आलं नव्हतं. दुसरं घर पडलं, आंबराईला आग लागली. वहिनी खुर्चीतून उठली आणि तिचा हात आपोआप दाराकडं, स्विचकडं वळला. तिचाच. मी साक्षीदार आहे.

"आजी, थांब!" दीक्षानं दोन बटणं दाबली. गाव गेलं, पडदा मोकळा झाला. "ठेवलं न्हाई मी हे. पडलेलं गाव ठेवलंच न्हाई. बग." तिनं आधी संकटं बंद केली, मग वाघजळ परत उघडलं. घर उभं. आंबराई हिरवी. नदी गप.

वहिनी मटकन खाली बसली आणि हसायला लागली. मग रडली. सदतीस वर्षांचं एकदम.

त्या संध्याकाळी परतीच्या एसटीत वाकळेतला डबा दीक्षाच्या मांडीवर होता. फ्लॉप्या तीन जणांकडं तीन: एक निमिषनं क्लासात ठेवून घेतली, एक वहिनीच्या पदराशी घेवड्यासोबत, आणि जुनी, राहीबाईची, माझ्या टोपीखाली. वहिनीनंच दिली. वाटेत ती दीक्षाला म्हणाली, "उद्या त्यांचा स्टँड बांदून टाक. वडापाशी. म्हाताऱ्यानं गाव डोक्यावरनं आणलं, त्याला उतरायला जागा नगं?"

कपिल म्हणतो, त्या दिवशी कोयनेत यंत्रावर भूकंपाची रेघसुद्धा नाही. नसेल. यंत्र कोयनेत, आम्ही विश्रामबागेत. माझं म्हणणं साधं आहे. त्या दिवशी मी दोनदा भूकंप म्हणालो. दुसरा खरा निघाला, चारचौघांच्या डोळ्यांदेखत घरं पडली. मग पहिलाच तेवढा खोटा कसा असेल?